शहर जित्याहून कसं दिसतं

गेली दोन-तीन वर्षं आमच्या पेण तालुक्यात ‘तिसरी मुंबई’ हा शब्द फार ऐकू येतो. जानेवारी २०२४ मध्ये अटल सेतू सुरू झाला. त्याच वर्षी उरण, पनवेल आणि पेण या तीन तालुक्यांतल्या १२४ गावांच्या जमिनीवर नवं नगर वसवायचं ठरलं आणि राज्य सरकारनं ते काम एमएमआरडीएकडे सोपवलं. तेव्हापासून जित्याच्या स्टेशनावर, पेणच्या बाजारात, लग्नाच्या मांडवात पुरुषमंडळींचा एकच प्रश्न असतो : गुंठ्याला भाव काय मिळेल? बायकांच्या बैठकीत निघतं ते वेगळंच. पाणी आधी कुणाला मिळणार, गणपतीचे कारखाने राहणार का, वाडीवरून खाली येणारी पायवाट बंद होणार का, पनवेलला कामाला जाणाऱ्या पोरींना रात्री परतीची गाडी असेल का. हे सगळे शहररचनेचेच प्रश्न आहेत. पण बायकांच्या तोंडून आले की त्यांना ‘घरगुती अडचणी’ म्हणतात, आणि भावाच्या प्रश्नाला ‘विकास’ म्हणतात.

अशा वेळी शहराकडे बघायचं कसं, हे शिकवणारं कुणीतरी लागतं. म्हणून या अंकात मी मधुश्री दत्ता यांच्या कामाबद्दल लिहिते आहे. त्या चित्रपट करतात, तेही नेहमीच्या माहितीपटाच्या वाटेनं न जाणारे. शहर म्हणजे काय, ते कोण घडवतं, त्याची गोष्ट सांगायचा अधिकार कुणाचा, हा त्यांच्या विचाराचा कायमचा विषय. आणि वास्तुशास्त्राचे विद्यार्थी, चित्रकार, अभ्यासक, चित्रपटवाले यांना एकत्र बसवून शहर ‘वाचायला’ शिकवणं हे त्यांनी मुंबईत बरीच वर्षं केलं.

मधुश्रीताईंचा जन्म १९५९ सालचा, जमशेदपूरचा. म्हणजे कारखान्याभोवती कंपनीनं आखून वसवलेल्या शहरातला. जादवपूर विद्यापीठात अर्थशास्त्र, मग दिल्लीच्या राष्ट्रीय नाट्य विद्यालयात शिक्षण, आणि त्यानंतर मुंबई. १९९० साली फ्लेविया अ‍ॅग्नेस यांच्याबरोबर त्यांनी ‘मजलिस’ सुरू केली. फ्लेवियाताईंची ओळख या मासिकाच्या वाचकांना करून द्यायला नको. ‘मजलिस’मध्ये एका बाजूला बायकांचे पोटगीचे, राहत्या घराच्या हक्काचे खटले चालवणाऱ्या वकील बायका होत्या आणि दुसऱ्या बाजूला चित्रपट, नाटक, चित्रकला यांचं काम होतं. संस्था एकच. पुष्कळांना ही जोडी चमत्कारिक वाटते. मला ती अगदी सरळ वाटते. नवऱ्यानं बाहेर काढलेली बाई रात्री कुठं जाते हा कायद्याचा प्रश्न आहे, आणि या शहरात तिला उभं राहायला जागा कुठं आहे हाही. पहिला कोर्टात मांडता येतो. दुसरा मांडायला कॅमेरा लागतो, नकाशा लागतो, गोष्ट लागते.

त्यांचा ‘आय लिव्ह इन बेहरामपाडा’ हा चित्रपट १९९३ चा. डिसेंबर १९९२ आणि जानेवारी १९९३ च्या दंगलींनंतर वांद्रे पूर्वेच्या या मुस्लिमबहुल वस्तीबद्दल वाटेल ते बोललं जात होतं. वस्तीतल्या लोकांना तिथं राहायचा हक्कच काय, इथपर्यंत गोष्ट गेली होती. चित्रपटानं लोकांचं दुःख दाखवलंच, पण त्याहून अधिक काही केलं. ही वस्ती कशी उभी राहिली, दलदलीच्या जागेवर भराव कुणी घातला, मग ती जागा मोलाची कशी झाली आणि मोलाची झाल्यावर तिथले लोक नकोसे कसे झाले, हा सगळा हिशोब समोर आणला. आनंद पटवर्धनांनी १९८५ साली ‘हमारा शहर’मध्ये झोपड्या पाडण्याचा प्रश्न लावून धरला होता, तो चळवळीतल्या पुष्कळजणींनी पाहिला असेल. बेहरामपाड्याचा चित्रपट त्याच्या पुढं एक पाऊल टाकतो. दंगल आणि जमिनीचा भाव या दोन गोष्टी वेगळ्या काढता येत नाहीत हे तो उघड करतो.

पण मला अधिक बोलायचंय ते २००६ च्या ‘सेव्हन आयलंड्स अँड अ मेट्रो’बद्दल. सात बेटं आणि एक महानगर. मुंबईची गोष्ट सांगायला मधुश्रीताईंनी दोन माणसं घेतली आहेत, सआदत हसन मंटो आणि इस्मत चुगताई. दोघंही मुंबईत राहिलेले, दोघांवरही अश्लीलतेचे खटले झालेले. मंटो १९४८ साली लाहोरला निघून गेले. इस्मतआपा १९९१ मध्ये मरेपर्यंत मुंबईतच राहिल्या. चित्रपटात या दोघांचा काल्पनिक वाद चालतो. शहराची गोष्ट सांगायची कशी, सोडून गेलेल्यानं सांगायची की राहिलेलीनं? त्या वादाच्या मधून आजच्या मुंबईतली कामकरी माणसं, भाषा, वस्त्या, गर्दी येत राहतात. कुठल्याही एका आवाजाला शेवटचा शब्द मिळत नाही.

आमच्या गटात आम्ही हा चित्रपट एका कारखान्यात, मूर्तींच्या रांगा भिंतीला लावून, बघितला. सगळा समजला असं कुणीच म्हणालं नाही. काही जणींना तो तुटक वाटला, आणि तसा तो आहेच. पण नंतर एका काकूंनी जे विचारलं ते मला फार महत्त्वाचं वाटलं. त्या म्हणाल्या, यात सगळी मुंबईत आलेली माणसं आहेत. जिथं मुंबईच चालत आली त्या गावच्या बायकांचं काय?

माझं मधुश्रीताईंच्या कामाशी भांडण आहे ते नेमकं इथंच. शहरावरचे चांगले चित्रपट, चांगली पुस्तकं, आखणी शिकवणाऱ्या शाळा, सगळ्यांचं शहर मानखुर्दच्या खाडीपाशी थांबतं. फार तर नवी मुंबईपर्यंत येतं. पुढं ‘ग्रामीण भाग’ सुरू होतो आणि तो दुसऱ्या कुणाचा तरी विषय असतो. जित्यात राहून ही सीमारेषा कुठं आहे ते मला अजून सापडलेलं नाही.

आमचं गाव पनवेल-रोहा मार्गावरचं. आपट्याच्या पुढं जिते, मग हमरापूर, मग पेण. १९८६ मध्ये रोह्यापर्यंत रेल्वे आली. तेव्हा गाडीनं भाजी, मासळी, माणसं शहराकडे जायची, आजही जातात. आता पाण्याचं बघा. हेटवणे धरण पेण तालुक्यातलं, भोगेश्वरी नदीवरचं. त्याचं पाणी जित्याच्या जलशुद्धीकरण केंद्रात येतं, स्वच्छ होतं आणि नवी मुंबईतल्या सिडकोच्या वसाहतींना जातं. नव्या वसाहतींना ते अपुरं पडणार म्हणून हेटवणे ते जिते आणि जिते ते वहाळ असे बोगदे काढायचं काम सिडकोनं घेतलं आहे. म्हणजे खारघर-उलव्याच्या एखाद्या घरात बाई नळ सोडते तेव्हा ते पाणी आमच्या गावावरून गेलेलं असतं. आणि याच तालुक्यातल्या खारेपाटात, वाशी-वढाव भागात, उन्हाळा लागला की बायका टँकरची वाट बघत हंडे लावून बसतात. एका पिढीनं नव्हे, आजी, सून आणि नात अशा तिघींनी हे केलं आहे. खारेपाटाच्या बाईला विचारा शहर कुठं सुरू होतं; ती जलवाहिनीकडे बोट दाखवेल.

शहराचा असा विचार करणारा एक माणूस आहे, आणि गंमत म्हणजे तोही मूळचा प्रायोगिक चित्रपट करणारा. मानुएल डी लांडा. १९५२ साली मेक्सिको सिटीत जन्म, १९७५ मध्ये न्यूयॉर्कला आले, तिथं काही वर्षं छोट्या फिल्मवर विचित्र, खोडकर चित्रपट केले. पुढं ते तत्त्वज्ञानाकडे वळले आणि कोलंबियासारख्या विद्यापीठांत वास्तुशास्त्राच्या विद्यार्थ्यांना शहरांचा इतिहास शिकवू लागले. १९९७ च्या त्यांच्या पुस्तकात गेल्या हजार वर्षांचा इतिहास राजेमहाराजांचा म्हणून येत नाही, तो दगड, धान्य, जंतू, पैसा, भाषा यांच्या प्रवाहांचा म्हणून येतो. त्यांचं म्हणणं थोडक्यात असं, की शहर ही वस्तू नव्हे. बाहेरून सतत काहीतरी आत येत असतं, त्याचा काही भाग घट्ट होऊन भिंती, रस्ते, संस्था बनतो, त्यालाच आपण शहर म्हणतो. प्राण्याच्या अंगात जशी हाडं, तशी माणसांच्या समूहाबाहेर माती-दगडाची शहरं. शिवाय ते सांगतात की जुनी शहरं रोगराईनं इतकी माणसं मारत की बाहेरून माणसं आली नाहीत तर ती टिकलीच नसती.

आमच्या डोंगरांची खडी, मुरूम रोज डंपरनं जाताना बघणाऱ्या माणसाला हे समजायला विद्यापीठ लागत नाही. तरी कुणीतरी ते नीट मांडलं याचं बरं वाटतं. पण त्यांच्याही मांडणीत एक प्रवाह मला फारसा दिसला नाही, बाईच्या श्रमाचा. धान्य शहरात आलं, ते शिजवलं कुणी? माणसं बाहेरून आली, त्यांना वीस वर्षं वाढवलं कुणी, कुठल्या गावात? दगडाचा प्रवाह मोजता येतो, पाण्याला मीटर लागतो. पहाटे चारला उठून पनवेलच्या गाडीसाठी नवऱ्याचा, मुलाचा डबा करणाऱ्या बाईचं काम कुठल्याच मीटरवर येत नाही. तो डबा मात्र शहरातच जातो.

मधुश्रीताईंनी ही बाजू धरली होती, हे त्यांच्या बाजूनं सांगायला हवं. ‘प्रोजेक्ट सिनेमा सिटी’ हा त्यांचा मोठा उपक्रम. त्यात कमला रहेजा वास्तुशास्त्र महाविद्यालयाची मंडळी होती, चित्रकार होते, तरुण चित्रपटकार होते. २०१२ मध्ये मुंबईच्या राष्ट्रीय आधुनिक कला संग्रहालयात त्याचं प्रदर्शन झालं आणि २०१३ मध्ये पुस्तक आलं. मुंबई चित्रपट बनवते आणि चित्रपट मुंबई बनवतात, तर या बनवण्यात राबणारे हात कुणाचे, हा त्यातला प्रश्न. नटनट्यांच्या पाठीमागचे कामगार, त्यांच्या वस्त्या, थिएटरं, बाजार. पडद्यावर नाव न येणारी माणसं मोजायला त्यांनी विद्यार्थ्यांना शिकवलं.

हीच मोजणी पेणच्या गणपतीला लावून बघा. मुंबईचा गणेशोत्सव ज्या मूर्तींवर उभा आहे त्यातल्या पुष्कळ आमच्या पेण शहरात आणि हमरापूर, जोहे, तांबडशेत, कळवे या गावांत तयार होतात. कारखान्यात जाऊन बसलं तर कामाची वाटणी एका दिवसात कळते. साच्यातून निघालेली मूर्ती घासायची, सांधे बुजवायचे, पांढरा हात द्यायचा, अंगाचा रंग मारायचा, दागिने रंगवायचे, गाडीत भरण्याआधी गवतात-कागदात बसवायची, यातलं बहुतेक काम बायका करतात. डोळ्यांची आखणी बहुधा पुरुष कारागिराकडे असते, तिचा दर वेगळा असतो, आणि कारखान्याच्या पाटीवर नाव पुरुषाचं. बाई सकाळी घरचं आटपून येते, दुपारी मुलांना जेवायला घालायला जाऊन परत येते, म्हणून तिचं काम ‘जोडधंदा’. काही कारखाने बायका स्वतः चालवतात. त्यांनाही कर्जाच्या कागदावर नवऱ्याची सही मागितल्याचं मी ऐकलं आहे.

आता या बायकांच्या कामाचा निर्णय कुठं होतो? प्लास्टर ऑफ पॅरिसच्या मूर्तींविरुद्ध केंद्रीय प्रदूषण नियंत्रण मंडळाची मार्गदर्शक तत्त्वं २०२० ची. जानेवारी २०२५ मध्ये मुंबई उच्च न्यायालयानं त्यांची कडक अंमलबजावणी करायला सांगितलं, तेव्हा ऐन हंगामाच्या तयारीत कारखाने धास्तावले. ९ जून २०२५ ला न्यायालयानं मूर्ती करायला-विकायला परवानगी दिली, पण नैसर्गिक पाण्यात विसर्जन नको म्हणून सांगितलं. समुद्र, नदी स्वच्छ राहायलाच पाहिजे, त्याबद्दल माझं दुमत नाही. शाडूची मूर्ती जड, वाळायला वेळ घेणारी, वाहतुकीत फुटणारी. तिच्याकडे वळायचं तर पैसा, जागा आणि शिक्षण लागेल, ते कुणी द्यायचं यावर बोलायला हवं. त्या पाच-सहा महिन्यांत मूर्तिकार संघटना बोलल्या, मंडळं बोलली, पुढारी बोलले, पर्यावरणवाले बोलले. रोजावर रंगकाम करणाऱ्या बाईला कुणी विचारलं नाही. ती कामगारही नाही, कलाकारही नाही, मग विचारणार कोण आणि कशाच्या नात्यानं?

तिसऱ्या मुंबईच्या बाबतीत हेच होणार ही माझी भीती आहे, आणि तिला आधार आहे. नवी मुंबई कशी झाली ते आठवावं. १९७० मध्ये सिडको आली, ठाणे, पनवेल, उरण तालुक्यांतल्या ९५ गावांच्या जमिनीवर शहर ठरलं. जानेवारी १९८४ मध्ये उरण तालुक्यातल्या गोळीबारात पाच माणसं गेली. दि. बा. पाटलांच्या नेतृत्वाखालच्या त्या लढ्यानं पुढं साडेबारा टक्के विकसित भूखंड मिळवून दिले. त्या लढ्यात बायका रस्त्यावर होत्या. भूखंड मात्र सातबाऱ्यावर ज्याचं नाव त्याला. ज्या बहिणींनी भावाच्या शब्दाखातर हक्कसोडपत्रावर अंगठा दिला होता त्यांच्या वाट्याला माहेरची साडी आली. शेतात आयुष्यभर राबलेल्या पण सातबाऱ्यावर नसलेल्या बायको-सुनेला काय मिळालं ते त्या त्या घरच्या पुरुषावर अवलंबून राहिलं.

दुसरी आठवण आमच्या तालुक्याची. महामुंबई सेझच्या वेळी २१ सप्टेंबर २००८ ला पेण तालुक्यातल्या २२ गावांत जमीन द्यायची की नाही यावर सरकारी देखरेखीखाली मतदान झालं. एन. डी. पाटील, उल्का महाजन यांच्यासारख्यांनी तो लढा उभा केला होता. पुढं तो प्रकल्प उभा राहिला नाही. पण मत नोंदवायचं ते खातेदारानं, म्हणजे पुन्हा सातबारा. ज्या आदिवासी बाईची दळी जमीन कागदावर नाही, जी आगरी बाई दुसऱ्याच्या खाऱ्या शेतात लावणी करते, तिचं गाव त्या दिवशी मत देत होतं आणि ती बघत होती.

कायदा आपल्या बाजूला अगदीच नाही असं नाही. मुलीला वडिलोपार्जित जमिनीत वाटा महाराष्ट्रात १९९४ पासून आहे, देशभरात २००५ पासून. शेतकरी संघटनेनं लक्ष्मीमुक्तीच्या मोहिमेत बायकोच्या नावे जमीन करायला लावली त्यालाही आता साडेतीन दशकं होऊन गेली. २०१३ च्या भूसंपादन कायद्यात विधवा, घटस्फोटित आणि परित्यक्ता यांना स्वतंत्र कुटुंब धरलं आहे, आणि त्या जमिनीवर पोट असलेल्या भूमिहीनांनाही बाधित मानलं आहे. ही कलमं आपल्या बायकांच्या वर्षानुवर्षांच्या भांडणातून आली आहेत. पण जमीन सक्तीनं न घेता संमतीनं, भूखंडाच्या बदल्यात घेतली गेली तर हे संरक्षण आपोआप लागू होतं असं कुणी समजू नये. संमती म्हणजे कुणाची, हा प्रश्न आजच लेखी विचारून ठेवायला हवा. सात-बारावरच्या एका पुरुषाची सही म्हणजे घराची संमती, हे आपण मान्य केलं तर पुढं कोर्टात जाऊन काही हाती लागायचं नाही.

म्हणून मला ‘मजलिस’ची ती जोडी पुन्हा आठवते. वकील हवी आणि शहर वाचायला शिकवणारीही हवी. नव्या नगराचा नकाशा होईल तेव्हा त्यावर रस्ते असतील, हिरवे पट्टे असतील, ‘रिकामी जमीन’ असेल. ती जमीन रिकामी नाही हे दाखवायला आपल्याकडे आपला नकाशा पाहिजे. तिथून बाई सरपण आणते, खाडीतून निवट्या-खेकडे आणते, बांधावर गुरं चारते, सड्यावर मूर्ती वाळवते. आम्ही दोन वाड्यांत आणि एका गावठाणात सुरुवात केली आहे. तीन गोष्टी लिहून घेतो : घरात पाणी किती वाजता आणि किती वेळ येतं, सातबाऱ्यावर घरातल्या कुठल्या बाईचं नाव आहे, आणि बाई मजुरीचं काम वर्षातले किती महिने कुठं करते. दुसऱ्या प्रश्नाला पुष्कळ घरांत आधी हसतात, मग गप्प होतात. एका सासूबाईंनी तर कपाट उघडून उताराच काढला. चष्मा नव्हता म्हणून सुनेला वाचायला लावला. दोघींपैकी कुणाचंच नाव निघालं नाही.

या कामात मदत हवी आहे. शहरातल्या ज्या मैत्रिणी वास्तुशास्त्र, चित्रपट, समाजशास्त्र शिकवतात त्यांनी विद्यार्थी घेऊन यावं. अट एकच आहे. फोटो काढून, मुलाखती घेऊन निघून जायचं नाही. काढलेला नकाशा आणि चित्रण गावातल्या बायकांना दाखवायचं, त्यांनी चुका सांगितल्या तर दुरुस्त करायच्या, आणि एक प्रत इथं ठेवायची. राहायची सोय होईल. ऑगस्टमध्ये मात्र येऊ नका, तेव्हा कुणाला बोलायला वेळ नसतो. गणपती गेल्यावर, भातकापणीच्या आधी या. आणि गाडी जित्याला थांबते की नाही ते चढण्याआधी विचारून घ्या, सगळ्या थांबत नाहीत.